जागा कमी आहे

"अब्बू, गेम इन्स्टॉल होत नाही. जागा कमी आहे म्हणतोय." धाकट्याने माझा फोन पुढे केला. गेम दोन जीबीचा, रिकामी जागा अडीच जीबी. मग अडचण काय? त्याला समजावलं, डाउनलोड होणारी फाइल दाबून बांधलेली असते. ती उघडून मांडायला जास्तीची जागा लागते. गाठोडं सोडलं की खोली भरते, तसं.

सेटिंग्जमध्ये जाऊन आधी ॲप्सचा कॅशे पुसला. त्याने काही बिघडत नाही. 'क्लिअर डेटा' मात्र दाबू नये, ॲपमधली आपली माहिती जाते. तरी जागा पुरेना. मग फाइल मॅनेजरमध्ये व्हॉट्सॲपचा मीडिया फोल्डर उघडला. जुमा मुबारक, ईद मुबारक, सुप्रभात... चार जीबी! पोरगा अख्खा फोल्डर पुसणार, एवढ्यात मी त्याचा हात धरला. त्यातच 'व्हॉइस नोट्स' होत्या. अम्मीच्या. "बेटा, खाना खाया क्या?" तिला जाऊन दोन वर्षं झाली.

तिचे सगळे निरोप मिळून वीस एमबीही भरले नाहीत. ते आधी कॉम्प्युटरवर आणि पेन ड्राइव्हवर उतरवले, मग व्हिडिओ पुसले. गेम बसला.

रात्री पोरगा जवळ आला. गेमसाठी असेल म्हणून मी फोन दिला.

"गेम नको," म्हणाला, "दादीचा आवाज लावा ना."