स्वस्त गोंद आणि माझी घाई

मे महिन्यात थळला आमच्या वाडीत भावंडांची मुलं जमतात. त्यांना घरीच स्लाइम करून द्यायचं मी कबूल केलं. त्यात एकामागून एक चुका केल्या, आणि शेवटच्या चुकीचा त्रास एका मुलीला झाला, म्हणून हे लिहिते आहे.

अलिबागच्या बाजारातून सगळ्यात स्वस्त पांढरा गोंद आणला. तो मुळातच पातळ होता. सगळ्यांना पुरावा म्हणून मी त्यात तेवढंच पाणी घातलं. या गोंदात लांबच लांब साखळ्यांसारखे रेणू असतात. टाकणखारातलं बोरेट त्यांना एकमेकांत गुंतवतं आणि त्या गुंत्यात पाणी अडकून राहतं, तेच स्लाइम. मी पाणी वाढवलं आणि गुंतायला रेणूच कमी उरले.

टाकणखार घरात नव्हता. कॅरमसाठी आणलेली बोरिक पावडर होती, तीच घातली. ती आम्लधर्मी. तिचं बोरेट व्हायला सोबत खाण्याचा सोडा लागतो, हे मला ठाऊक नव्हतं. मुलं बिचारी आशेने ढवळत राहिली, गोंद काही धरेना.

मग टाकणखार आणवला. तो पाण्यात विरघळवून थोडा थोडा घालायचा असतो. मी कोरडाच टाकला, जमेना तसा आणखी टाकला. तळाशी रबरासारखे गोळे, वर पांढुरकं पाणी आणि मध्ये न विरघळलेले कण. मुलं ते उघड्या हातांनी मळत होती. सकाळीच करवंदं काढताना भाचीच्या बोटांवर काट्यांचे ओरखडे उठले होते. "आत्या, हात चुरचुरतोय गं," ती म्हणाली, तेव्हा मी भानावर आले. हात धुऊन खोबरेल लावलं, तरी संध्याकाळपर्यंत बोटं लाल होती.

टाकणखार पोटात गेला तर विषारी ठरतो. प्रजननक्षमतेला घातक म्हणून युरोपीय संघाने २०१० मध्ये त्याला अतिचिंताजनक पदार्थांच्या यादीत घातलं. वाडीतल्या नारळाला बोरॉन कमी पडलं तर आम्ही टाकणखारच देतो, पण मोजून, कारण जास्त झाला तर पानं करपतात. झाडाच्या बाबतीत पाळलेला नियम मुलांच्या बाबतीत मी विसरले, याचं मला फार वाईट वाटतं.

स्वस्त गोंद मी अजूनही आणते, पण त्यात पाणी घालत नाही. कपभर कोमट पाण्यात अर्धा चमचा टाकणखार पुरता विरघळवते आणि ते पाणी गोंदात चमचा चमचा घालते. कालवण्याचं काम माझं, हातमोजे घालून. तयार गोळा मोठ्या मुलांनाच मिळतो, तोही हाताला जखम नसेल तरच, आणि खेळून झाल्यावर साबणाने हात धुवायचे. भांडं वेगळं, स्वयंपाकाचं नाही. लहानग्यांसाठी चमचाभर इसबगोल कपभर पाण्यात घट्ट होईपर्यंत शिजवते. गार झालं की तेही छान लिबलिबीत होतं, आणि चुकून तोंडात गेलं तरी जीव धसकत नाही.