टायबर्नच्या वाटेवर

लंडनला जाऊन आलेल्या माणसाने काय काय पाहिले म्हणून सांगायचे, याची एक ठरीव यादी आहे. राजवाड्यापुढची पहारेबदली, मेणाचे पुतळे, टॉवरमधला तो आपला कोहिनूर. मीही हे सारे इमानेइतबारे पाहिले. पण मुक्कामाच्या शेवटच्या दिवशी सकाळी यजमानांना म्हटले, "आज मी फाशीच्या वाटेने चालत जाणार आहे." त्यांनी चहाचा कप खाली ठेवला. तीस वर्षे लंडनात काढलेले हे पुण्याचे गृहस्थ. पण अशी एखादी वाट आपल्या गावात आहे, हे त्यांच्या गावीही नव्हते!

ही वाट सुमारे तीन मैलांची. ओल्ड बेलीच्या न्यायालयापासून निघायचे आणि मार्बल आर्चपाशी थांबायचे. आज जिथे न्यायालयाच्या घुमटावर तराजू घेतलेली सोनेरी न्यायदेवता उभी आहे, तिथे १९०२ सालापर्यंत न्यूगेटचा तुरुंग होता. फाशीचे कैदी इथून गाडीत घालून टायबर्नला नेत. जवळच सेंट सेपल्करचे चर्च आहे. रॉबर्ट डाव नावाच्या एका सधन शिंप्याने १६०५ साली ५० पौंड देणगी देऊन मोठी धार्मिक सोय करून ठेवली. फाशीच्या आदल्या मध्यरात्री कैद्याच्या कोठडीबाहेर हातघंटा वाजवून त्याला उद्याच्या मरणाची आठवण द्यायची आणि पश्चात्तापाचा उपदेश करायचा! आपल्याकडे पुण्य जोडायला लोक पाणपोई घालतात. ती घंटा चर्चमध्ये काचेच्या पेटीत ठेवली आहे. शाळेतला शिपाई वाजवतो तशी, हातात मावणारी. तिच्यापुढून माझा पाय लवकर निघेना.

पुढे होबर्न, मग सेंट जाइल्स. इथे गाडी थांबवून कैद्याला शेवटचे मद्य पाजण्याचा रिवाज होता. मग ऑक्सफर्ड स्ट्रीट. आज दोन्ही बाजूंना कपड्यांची दुकाने आणि सेलच्या पाट्या असलेल्या या रस्त्याचे जुने नाव टायबर्न रोड. त्या काळी ही गर्दी कैद्याला पाहायला जमे, आणि गाडीला तीन मैल तोडायला कधी कधी तीन तास लागत. काही कैदी लग्नाला निघाल्यासारखे नटून येत. लोक धीट माणसाला वाहवा देत आणि रडणाऱ्याची हुर्यो उडवीत.

मार्बल आर्चच्या पलीकडे, एजवेअर रोडच्या तोंडाशी, रस्त्याच्या मधल्या बेटावर एक गोल दगडी खूण जमिनीत बसवली आहे. चारही बाजूंनी बसगाड्या धावताहेत. दगड शोधताना आपणच त्याच्या मार्गाने जायचो! हेच टायबर्न. इथल्या फाशीची पहिली नोंद ११९६ सालची. १५७१ मध्ये इथे तीन पायांचा त्रिकोणी सांगाडा उभारला. त्यावर एका वेळी चोवीस माणसे लटकवता येत. एकदा तर मेलेल्याला फाशी दिली. ऑलिव्हर क्रॉमवेल १६५८ मध्ये अंथरुणात वारला. राजेशाही परतल्यावर १६६१ मध्ये त्याचे प्रेत उकरून इथे टांगले.

पण क्रॉमवेलसारखे बडे लोक थोडे. बाकी सारे चोरचिलटे. एकोणिसाव्या शतकाच्या आरंभी इंग्लंडात दोनशेहून अधिक गुन्ह्यांना देहदंड होता. दुकानातून ५ शिलिंगांचा माल उचलला, फाशी. घरातून ४० शिलिंगांची चोरी, फाशी. खिसेकापूपणाची फाशी १८०८ साली रद्द झाली. तोवर खिसेकापू टायबर्नच्या गर्दीत, दुसऱ्या खिसेकापूच्या फाशीखाली उभे राहून आपला धंदा करीत असत म्हणतात.

यातून माणुसकीने वाट काढली ती मात्र मला फार आवडली. ज्यूरीतले साधे दुकानदार, कारागीर शपथेवर सांगू लागले की, चोरलेल्या मालाची किंमत ३९ शिलिंग! समोर सोन्याची नाणी पडलेली असली तरी ३९ शिलिंग. १८२७ मध्ये कायद्याने ही मर्यादा ५ पौंडांवर नेली, तर लगेच तोच माल ४ पौंड १९ शिलिंगांचा ठरू लागला. खोट्या शपथेचे पाप घ्यायचे, पण माणूस मरू द्यायचा नाही. कायद्याच्या पुस्तकांतून दया नंतर आली. आधी ती या खोट्या हिशेबांतून आली.

टायबर्नची शेवटची फाशी १७८३ ची. त्यानंतर मिरवणूक बंद झाली आणि सांगाडा न्यूगेटच्या दारातच उभा राहू लागला. गर्दी तिथे गेली. समोरच्या खिडक्या भाड्याने जाऊ लागल्या. १८४९ मध्ये डिकन्सने एका जोडप्याची फाशी पाहिली आणि जमावाच्या हिडीस मौजेने हादरून 'टाइम्स'ला पत्र लिहिले. शेवटी १८६८ च्या मे महिन्यात मायकेल बॅरेट या आयरिश क्रांतिकारकाला दिलेली फाशी ही चव्हाट्यावरची अखेरची ठरली.

तेव्हापासून फाशी भिंतीआड गेली, आणि शिस्तीत आली. विल्यम मारवुड या लिंकनशरच्या चांभाराने १८७२ पासून कैद्याच्या वजनाप्रमाणे दोराची लांबी ठरवायला सुरुवात केली, म्हणजे गळा आवळत राहण्याऐवजी मान क्षणात मोडावी. पुढे त्याचे सरकारी कोष्टक झाले. विसाव्या शतकात तर कोठडीतल्या कपड्यांच्या कपाटामागेच फाशीघराचे दार दडवलेले असे. कपाट सरकवायचे, चार पावले टाकायची, खटका ओढायचा. सारा कारभार पंधरा-वीस सेकंदांत आटपे.

दुपारी बसने पेंटनव्हिलला गेलो. कॅलेडोनियन रोडवर तुरुंगाची उंच भिंत आहे, आणि तुरुंग आजही चालू आहे. १७ ऑगस्ट १९०९ रोजी मदनलाल धिंग्रा इथे फासावर गेले. ओल्ड बेलीत त्यांचा खटला एका दिवसात संपला होता. ३१ जुलै १९४० ला उधमसिंग. प्रेते दिली नाहीत. तुरुंगाच्या आवारातच पुरली. उधमसिंगांचे अवशेष मायदेशी आले १९७४ मध्ये, धिंग्रांचे १९७६ मध्ये. त्याच भिंतीआड १९५० साली टिमोथी इव्हान्सला मुलीच्या खुनाबद्दल फाशी दिली. त्याच्या खटल्यातला सरकार पक्षाचा साक्षीदार ख्रिस्ती हा त्याच घरात राहणारा. त्या घरात बायकांची प्रेते सापडली आणि १९५३ मध्ये ख्रिस्तीही इथेच फासावर गेला. इव्हान्सला १९६६ मध्ये माफी मिळाली. ती घ्यायला तो नव्हता.

१३ ऑगस्ट १९६४ ला मँचेस्टर आणि लिव्हरपूल येथे एकाच वेळी शेवटच्या दोन फाशी झाल्या. १९६५ मध्ये खुनाची फाशी पाच वर्षांपुरती थांबवली, १९६९ मध्ये कायमची. इंग्रजांनी आपल्याकडे ठेवलेला फास मात्र आपण ठेवून घेतला. आपल्या तुरुंगांच्या नियमावल्यांत आजही वजन आणि दोराच्या लांबीची कोष्टके आहेत.

रात्री जेवताना हे सगळे सांगितले. सोनेरी देवता, घंटा, खिडक्यांची भाडी. वहिनी म्हणाल्या, "बाई बाई, काय लोक! मरण पाहायला गर्दी करायची!" यजमान पानात बघत होते. त्यांचे बालपण येरवड्यातले.

"२०१२ च्या नोव्हेंबरात," ते म्हणाले, "कसाबला येरवड्यात फाशी दिली, त्या दिवशी बहिणीचा फोन आला. गल्लीत फटाके वाजत होते. मी इथे ऑफिसात पेढे नेऊन वाटले."

वहिनींनी आमटी वाढली. मलाही तो दिवस आठवत होता. मी दादरला होतो. आमच्याही जिन्यात पेढे आले होते, आणि मी दोन घेतले होते.