सही कोण करणार?

चितेगावात बसून मी सिंहासन आणि धर्मपीठ यांच्या ओढाताणीवर रहस्यकादंबऱ्या लिहितो, असं सांगितलं की पाहुणे जरा हसतात. त्यांचं काही चुकत नाही. खिडकीबाहेर पैठण रोड आहे. पाळी सुटली की कंपन्यांच्या बसगाड्या, हंगामात उसाच्या ट्रॉल्या, बिडकीनच्या औद्योगिक वसाहतीकडे निघालेले कंटेनर आणि फाल्गुनात नाथषष्ठीला चाललेल्या दिंड्या. कटकारस्थानाला लागणारं धुकं आणि भुयार यातलं इथे काही नाही. पण नकाशा बघा. रस्त्याच्या खालच्या टोकाला पैठण, जिथल्या ब्रह्मवृंदाचा शब्द एके काळी धर्मनिर्णय म्हणून चालायचा. वरच्या टोकाला शहर, आणि शहरापलीकडे देवगिरी, जिथे यादव बसले, मग तुघलक आला. शहर तर औरंगजेबाच्याच नावानं वाढलं. एका बाजूला शिक्का, दुसऱ्या बाजूला शास्त्र, मधे आमचं गाव. माझ्या धंद्याला याहून सोयीची जागा कुठली?

माझ्या हस्तलिखिताचे पहिले वाचक गावातलेच एक निवृत्त तलाठी आहेत. आम्ही सगळे त्यांना अण्णा म्हणतो. इतिहास त्यांनी शाळेपुरता वाचलेला, पण सातबारा वाचण्यात हयात गेली. एकदा मी किल्ला सर होण्याचा प्रसंग मोठ्या हौसेनं वाचून दाखवला. सुरुंग, खिंडार, आरोळ्या, सगळा सरंजाम होता. अण्णांनी शांतपणे ऐकलं, सुपारी कातरली आणि म्हणाले, ‘‘हे झालं सर. ताबा मिळाला. पण फेरफार कुणी मंजूर केला?’’

या विषयावरची चांगली गोष्ट फेरफारापाशी सुरू होते, असं माझं ठाम मत आहे. तलवारीनं ताबा मिळतो. तो ताबा हक्काचा आहे असं लिहून देणारा माणूस वेगळाच असतो. त्याच्याकडे फौज नसते, कधी कधी घोडासुद्धा नसतो. पण तो ‘नाही’ म्हणाला तर लाखाची फौज बाळगणाऱ्याला रात्री झोप लागत नाही. या माणसाच्या बोरूवर माझी नजर असते.

आमच्या पिढीची रहस्यकथेची भूक बाबूराव अर्नाळकरांच्या झुंजारवर आणि काळ्या पहाडवर पोसली गेली. तिथे पुढे काय होणार हे माहीत नसायचं. ऐतिहासिक रहस्यकथा लिहिणाऱ्याची पंचाईत अशी, की शेवट पाचवीतल्या पोरालाही पाठ असतो. फ्रेडरिक फोर्सिथची ‘द डे ऑफ द जॅकल’ ही कादंबरी १९७१ साली आली. फ्रान्सचे अध्यक्ष द गॉल यांना मारायला निघालेल्या भाडोत्री खुन्याची ती गोष्ट. द गॉल आदल्याच वर्षी आपल्या घरी वारले होते, म्हणजे खुनी अपयशी ठरणार हे पहिल्या पानाआधीच ठाऊक. तरी पुस्तक खाली ठेवता येत नाही, कारण पासपोर्ट कसा मिळवला, बंदूक कशी लपवली, हेच वाचकाला हवं असतं. मी त्यातून एवढंच उचललं, की शेवट लपवण्याची धडपड सोडून द्यायची. महाराजांचा राज्याभिषेक झाला हे सगळ्यांना माहीत आहे. सही करायच्या आदल्या रात्री सही करणाऱ्याच्या मनात काय चाललं होतं, हे कुणालाच माहीत नाही.

पैठणला तर अशा रात्रींचा सुकाळ. विठ्ठलपंतांची पोरं आळंदीहून पैठणला आली ती शुद्धिपत्रासाठी, असं परंपरा सांगते. एवढी पायपीट एका कागदासाठी! त्याच शतकात हेमाद्री देवगिरीला यादवांचा श्रीकरणाधिप होता, म्हणजे राज्याच्या दफ्तराचा प्रमुख. ‘चतुर्वर्गचिंतामणि’ हा धर्मशास्त्राचा प्रचंड ग्रंथही त्याच्याच नावावर आहे. व्रत कुठलं करायचं हे सांगणारा आणि राज्याचा कागद हलवणारा माणूस एकच. युरोपात पोप आणि सम्राट या दोन खुर्च्यांसाठी शतकानुशतकं भांडणं झाली. आपल्याकडे दोन्ही खुर्च्यांवर एकाच वेळी बसणारा हा गृहस्थ मिळतो, तरी मराठी माणसाला तो फक्त हेमाडपंती देवळांपुरता आठवतो.

म्हाइंभटांच्या ‘लीळाचरित्रा’त चक्रधरस्वामींना पैठणला बोलावल्याची, सभा बसल्याची आणि स्वामींना दिलेल्या शिक्षेची हकीकत आहे, आणि तिच्यात हेमाद्रीचं नाव येतं. मला पुष्कळ जण विचारतात, यावर का लिहीत नाही? एक तर महानुभाव पंथाला ती लीळा पूज्य आहे, तिथे मी माझी बोटं कशाला घालू? दुसरं म्हणजे, म्हाइंभटांनी विशेषणं जवळपास वापरलेलीच नाहीत. कोण आलं, कोण काय बोललं, कोण कुठे बसलं, एवढंच. सातशे वर्षांनंतर मी त्यात वादळवारा घातला तर ते बिघडेलच. मी ती पानं वाचतो ती कामाची पाटी स्वच्छ करायला. माझं वाक्य सुजायला लागलं की ती पानं काढतो.

कागदाचा विषय निघालाच आहे, तर तोही इथलाच. दौलताबादहून खुलताबादच्या वाटेवर कागजीपुरा लागतं. मुहंमद तुघलकानं राजधानी दिल्लीहून देवगिरीला हलवली, १३२७ च्या सुमारास. तेव्हा आलेल्या कारागिरांनी इथे हातकागद सुरू केला, असं सांगतात. जुन्या दफ्तरांत दौलताबादी कागदाला मान होता. चिंध्यांचा लगदा करायचा, तो पाण्याच्या हौदात सोडायचा, त्यातून ताव उचलायचा, वाळवायचा, वर खळ द्यायची आणि मग गुळगुळीत दगडानं घोटायचा. हे शेवटचं घोटणं माझ्या कामाचं. घोटलेल्या कागदावर बोरू अडखळत नाही आणि शाई जागच्या जागी बसते. पण कुणी चाकूच्या टोकानं एखादा शब्द खरवडून तिथे दुसरा लिहिला, तर तेवढ्या जागेची घोटाई निघून जाते. तिथे नवी शाई फुटते, अक्षराच्या कडेला केसासारखे तंतू येतात. ताव दिव्यासमोर तिरका धरला की तेवढा ठिपका निस्तेज दिसतो. माझ्या एका कादंबरीतलं अख्खं कारस्थान या ठिपक्यावर उघडं पडतं. वाचकांनी खुनापेक्षा तो ठिपका लक्षात ठेवला, याचा मला आनंद आहे.

जाता जाता, उंबेर्तो एकोच्या ‘द नेम ऑफ द रोझ’ या कादंबरीचा काळही १३२७ चाच आहे. तिकडे पोप आणि सम्राट यांचं जुंपलेलं, आणि एका मठात एकामागून एक भिक्षू मरताहेत. तुघलकाची माणसं दिल्लीहून खाली येत होती तो काळ आणि एकोच्या मठातला हिवाळा यांत फार अंतर नाही. या योगायोगातून काही सिद्ध होत नाही. पण लिहिणाऱ्याला असल्या गोष्टींनी उगाच बळ येतं.

आता सन १६७४. गागाभट्ट काशीचे, पण त्यांचं भट्ट घराणं मूळचं पैठणचं. सोळाव्या शतकात ते काशीला जाऊन स्थिरावलं. म्हणजे राज्याभिषेकाच्या शास्त्रार्थाचं मूळ याच रस्त्याच्या टोकाला निघतं. महाराजांजवळ गड होते, आरमार होतं, खजिना होता. उणीव होती ती अभिषिक्त राजा म्हणून शास्त्राच्या मान्यतेची. आधी मुंज लागली, मग अभिषेक झाला. या प्रसंगावर लिहिणारे बहुतेक दोन सोप्या वाटा धरतात. एकीत गागाभट्ट दक्षिणेच्या लोभानं येतात, दुसरीत ते साक्षात ऋषी होऊन येतात. दोन्हीकडे रहस्य संपतं. लोभी माणूस काय करणार हे ठाऊक असतं, ऋषी काय करणार हेही. मला हवा असतो तो आपल्या विद्येवर प्रामाणिक विश्वास असणारा, काशीत परतल्यावर चारचौघांना तोंड द्यावं लागणारा, आणि आपण इतिहासाला हात लावतोय याची कल्पना असणारा पंडित. त्याला मी सगळ्यात तगडे युक्तिवाद देतो. धर्मपीठाचा माणूस हलका लिहिला की सिंहासनही हलकं होतं.

लोक विसरतात तो भाग पुढचा. ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला, ६ जूनला, अभिषेक झाला. १७ जूनला जिजाबाई गेल्या. आणि २४ सप्टेंबरला, आश्विन शुद्ध पंचमीला, निश्चलपुरी गोसाव्यांच्या हातून तांत्रिक पद्धतीचा दुसरा अभिषेक झाला. पहिल्या अभिषेकात काय काय चुकलं आणि कोणते अपशकुन झाले, याची जंत्री ‘शिवराज्याभिषेककल्पतरू’ या संस्कृत ग्रंथात दिली आहे. एका राजाला चार महिन्यांच्या आत दोन मान्यता, दोन वेगळ्या परंपरांकडून! यावर लिहिताना मी आधी चंद्र बघतो. त्रयोदशीची रात्र बहुतेक सगळी चांदण्याची. पावसाळी ढग आले तर गोष्ट वेगळी, पण पहिल्या अभिषेकाच्या आदल्या रात्री काळोखात कुजबुज लिहायची सोय नाही. पंचमीचा चंद्र मात्र पहिल्या प्रहरानंतर मावळून जातो. गडावर एवढा अंधार असताना कोण कोणाकडे गेलं, हे लिहायला मला मोकळीक मिळते. तिथी बघितल्याशिवाय मी मशालही पेटवत नाही. नवे लेखक याला कटकट म्हणतात. पंचांग हातात घेतल्यावर निम्मी दृश्यं आपोआप रद्द होतात, हे खरं. उरतात ती टिकतात.

कोल्हापूरचं वेदोक्त प्रकरण मी कादंबरीत आणणार नाही, ते नाटककाराचं काम आहे. १८९९ ला पंचगंगेच्या घाटावर ठिणगी पडली, पुढे राजोपाध्यांचं वतन जप्त झालं, आणि १९२० ला शाहू महाराजांनी पाटगावच्या मठात स्वतःचा क्षात्रजगद्गुरूच नेमला. सही मिळत नाही म्हणून सही करणारी खुर्चीच नवी घडवली! इतकी उघड चाल असली की रहस्यकथेला काही शिल्लक राहत नाही.

गोव्याचं उलटं. तिथे चर्च आणि राज्य एकाच जहाजातून उतरले. धर्मन्यायालय १५६० पासून, मधला थोडा खंड सोडला तर १८१२ पर्यंत चाललं. पण मला ओढ आहे ती १७८७ च्या पिंटोंच्या कटाची. कळंगुटजवळच्या कांदोळीचं पिंटो घराणं, नाराज गोमंतकीय लष्करी अधिकारी आणि त्यांच्यात गोमंतकीय पाद्री. कौतु आणि गोंसाल्विश हे दोन धर्मगुरू लिस्बनपर्यंत जाऊन आले. वरच्या धर्मपदांवर देशी माणूस नको, ही तिथली रीत त्यांनी अनुभवली होती. कट फुटला. सत्तेचाळीस जण पकडले गेले, पंधरा जणांना पुढच्या वर्षी पणजीत क्रूरपणे देहदंड दिला. पाद्र्यांना मात्र गोव्यात फाशी दिली नाही, लिस्बनला पाठवून वर्षानुवर्षं कोंडून ठेवलं. झगा घातलेल्याला आणि न घातलेल्याला एकाच गुन्ह्याची शिक्षा वेगळी. यातला पाद्री लिहायला फार कठीण. तो बंड करतो ते धर्माविरुद्ध करत नाही, धर्मातल्या आपल्या जागेसाठी करतो, आणि रात्री प्रार्थना म्हणतो ती त्याच वेदीपुढे. अण्णांना मी हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, ‘‘म्हणजे कूळच ते. जमीन कसायची यांनी, नाव दुसऱ्याचं.’’ मी ते वाक्य जसंच्या तसं एका पात्राच्या तोंडी घातलं, फक्त कोकणीच्या वळणानं.

सध्या टेबलावर आहे तो एक काझी. औरंगजेब तख्तावर बसला तेव्हा बाप, शाहजहान, जिवंत होता. बाप हयात असताना मुलाच्या नावानं खुतबा कसा वाचायचा, म्हणून मुख्य काझी अडला. तेव्हा गुजरातचा अब्दुल वहाब पुढे आला. शाहजहान राज्य करायला असमर्थ झालाय, सबब मुलाचं राज्य कायदेशीर, असा त्यानं निर्वाळा दिला. त्याला मुख्य काझीपद मिळालं, पुढे अफाट संपत्तीही. कथा इथेच संपली असती तर ती नेहमीची होती. पण अब्दुल वहाबच्या मागून काझी झाला त्याचा मुलगा, शेख-उल-इस्लाम. त्यानं बापाच्या इस्टेटीतलं काही घेतलं नाही. १६८० च्या दशकात बादशहा दख्खनमध्ये उतरला, औरंगाबादेत आला, आणि विजापूर-गोवळकोंड्यावर चालून जाण्याचा विषय निघाला. मुसलमान राज्यांवरचं युद्ध शास्त्राला धरून आहे का, असं विचारल्यावर शेख-उल-इस्लामनं ‘नाही’ म्हटलं.

हा प्रसंग मी पुन्हा पुन्हा लिहितोय. काझीला मी भाषण देत नाही. तो कागद परत सरकवतो, एवढंच. बादशहाही चिडत नाही, कारण हा माणूस विकत मिळत नाही हे त्याला काझीच्या बापाच्या व्यवहारावरून जास्त कळतं. माझा निवेदक एक कारकून आहे. त्याच्या हातात वाळूदाणी आहे, शाई वाळवायला वाळू टाकायची तयारी करून तो उभा आहे, आणि लिहिलंच जात नाही. त्याला घरी जायचंय, पोराला ताप आहे. मोठ्यांच्या नकाराची झळ त्याच्यापर्यंत कशी येते, हे मला पकडायचंय.

शेवट मी बदलणार नाही. शेख-उल-इस्लामनं पद सोडलं आणि तो मक्केला निघून गेला. त्याच्या जागी दुसरा काझी नेमला गेला. सप्टेंबर १६८६ मध्ये विजापूर पडलं, वर्षभरानं गोवळकोंडाही.