म्हैसूरची जादूची शाई

माझी भाची बारा वर्षांची. तिला मोबाईलवरच्या एका खेळाचं वेड आहे. त्यात प्रत्येकानं एक व्यवसाय निवडायचा असतो. कुणी तलवारी घडवतो, कुणी औषधी मुळ्या शोधतो. हिनं निवडला होता जादूची शाई बनवण्याचा व्यवसाय. "मामा, अशी माणसं खरंच असती तर किती मजा आली असती ना?" ती म्हणाली.

मी म्हटलं, "आहेत की. बेंगळुरूहून तीन तासांवर."

आपण सगळ्यांनी ती शाई पाहिली आहे. मतदानाच्या दिवशी डाव्या तर्जनीवर लागते तीच. ती बनते म्हैसूरला. या शाईशी माझा एक जुना हिशेब बाकी होता, म्हणून २०२४ च्या एप्रिलमध्ये मी मुद्दाम तिचं गाव बघायला गेलो.

आधी हिशेब सांगतो. मी बेळगावचा, नोकरीला बेंगळुरूत. मतदार यादीत नाव अजून घरच्याच पत्त्यावर. २०१९ मध्ये बेळगावला २३ एप्रिलला मतदान होतं आणि त्याच आठवड्यात आमचं रिलीज होतं. सुट्टी मिळाली असती, पण मी मागितलीच नाही. दिवसभर घरच्या ग्रुपवर शाईच्या बोटांचे फोटो येत राहिले. संध्याकाळी मी ऑफिसमधला मार्कर उचलला, बोटावर एक रेघ ओढली आणि फोटो पाठवून दिला. 'बेंगळुरूतच नाव नोंदवलंय' अशी एक थापही मारली. सगळ्यांनी अंगठे दाखवले.

चार दिवसांनी घरी गेलो. आज्जी म्हणाली, "बोट दाखव बघू." बोट स्वच्छ होतं. तिनं आपलं बोट माझ्या बोटाशेजारी ठेवलं. तिच्या नखावर काळा डाग तसाच होता. "फोटो छान होता, खरं रंग पक्का नव्हता रे," एवढंच म्हणाली आणि आत चहा टाकायला गेली.

म्हैसूरला पोचलो तो दिवस २७ एप्रिल, शनिवार. आदल्याच दिवशी तिथं मतदान झालेलं. हॉटेलातला वाढपी, रिक्षावाला, फुलवाली, ज्याच्या त्याच्या बोटावर काळी रेघ. अख्ख्या गावात माझंच बोट कोरं. बेळगावचं मतदान ७ मेला होतं.

कारखाना बन्नीमंटप भागात आहे. बन्नी म्हणजे आपली शमी. दसऱ्याची हत्तींची मिरवणूक राजवाड्यावरून निघते ती इथंच येऊन संपते आणि रात्री इथल्याच मैदानावर मशालींचं संचलन होतं. दसऱ्याला शमी पुजणाऱ्या आपल्यासारख्यांना हे नाव लगेच आपलंसं वाटतं.

१९३७ मध्ये नाल्वडी कृष्णराज वडियार महाराजांनी हा कारखाना सुरू केला, तेव्हा त्याचं नाव होतं मैसूर लॅक अँड पेंट वर्क्स. आसपासच्या जंगलात मिळणाऱ्या लाखेपासून रंग आणि सील करायची लाख बनवायची, हे त्याचं काम. स्वातंत्र्यानंतर तो सरकारी झाला, आणि १९८९ पासून नाव आहे मैसूर पेंट्स अँड व्हार्निश लिमिटेड. १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीपासून निवडणूक आयोगाला शाई इथूनच जाते. कृती दिल्लीच्या राष्ट्रीय भौतिकी प्रयोगशाळेची, आणि ती अजूनही गुप्त आहे. २०२४ च्या निवडणुकीसाठी इथून २६ लाखांहून जास्त बाटल्या देशभर गेल्या. दहा मिलिलिटरच्या एका बाटलीत साधारण सातशे मतदारांचं काम होतं. बाहेरच्या कित्येक देशांतल्या मतदानालाही हीच शाई जाते.

कृती गुप्त असली तरी जादू कशी चालते ते सांगता येतं. शाईत सिल्व्हर नायट्रेट असतं. आपल्या घामात, कातडीवर मीठ असतंच. दोन्ही भेटले की सिल्व्हर क्लोराईड तयार होतं. ते पाण्यात विरघळत नाही, कातडीला धरून बसतं. मग उजेड पडला की त्यातून चांदीचे बारीक कण सुटे होतात आणि जांभळा डाग काळा पडतो. जुने कृष्णधवल फोटो याच तत्त्वावर निघायचे. म्हणजे बोटावर आपल्या मताचा एक छोटा फोटोच निघतो म्हणा ना. कातडीवरचा डाग काही दिवसांत जातो. नखावरचा मात्र नख वाढून कापलं जाईपर्यंत, म्हणजे कित्येक आठवडे राहतो. म्हणूनच २००६ पासून नखाच्या टोकापासून पहिल्या पेरापर्यंत उभी रेघ ओढतात. डावी तर्जनीच नसेल तर कुठलं बोट, आणि बोटंच नसतील तर हाताचं टोक, इथपर्यंत सगळं नियमांत लिहिलेलं आहे. कुणीही सुटू नये, तसंच कुणी वगळलंही जाऊ नये.

आत अर्थातच सोडलं नाही. फाटकावरच्या काकांशी कन्नडमधून चार शब्द बोललो. त्यांची नजर माझ्या हाताकडे गेली. "तुमचं बोट कोरं का?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, "आमचं सात तारखेला आहे." "मग जा," ते म्हणाले, "इथं फाटकाशी उभं राहून शाई लागत नाही."

६ मेच्या रात्रीची गाडी पकडली. आज्जी आता त्र्याऐंशीची. पंच्याऐंशीच्या पुढच्यांना घरून मत देता येतं, तिची दोन वर्षं कमी पडली. ती असती तरी ती घरी बसली नसती. शाळेच्या पायऱ्या माझा हात धरून चढली. वाटेत सांगत होती, तिचं पहिलं मत १९६२ चं. तेव्हा एकविसाव्या वर्षी मत मिळायचं आणि ती नुकतीच एकवीस पूर्ण झालेली. म्हणजे ही शाई पहिल्यांदा ज्या बोटांना लागली त्यांत तिचंही बोट होतं. मी म्हैसूरची सगळी हकिकत सांगितली तेव्हा म्हणाली, "एवढ्या लांब शाई बघायला गेलास. ती तर इथंच होती."

बाहेर आल्यावर तिनं न बोलता हात पुढे केला. मी माझं बोट तिच्या बोटाशेजारी ठेवलं. तिनं पदरानं माझ्या बोटावरची रेघ चोळून पाहिली. गेली नाही.

भाचीला फोटो पाठवला. तिनं लगेच हिशेब केला, "मामा, २०२९ ला मी सतरा वर्षांची असेन. एका वर्षानं हुकणार!"

आज्जीला सांगितलं. म्हणाली, "हुकू दे. मी थांबते की."