विवेकवर्धिनीतली एक सभा

आमच्या वडिलांना पाढे मराठीत येत आणि भूमिती उर्दूत. पावकी, निमकी, अडीचकी गावच्या पंतोजींनी छडीच्या धाकाने पाठ करून घेतलेली. पुढचे शिक्षण मात्र हैदराबादेत, नातेवाइकांच्या घरी राहून आणि उर्दू माध्यमातून. त्यामुळे त्रिकोणाला ते शेवटपर्यंत 'मुसल्लस' म्हणत. भूगोल म्हणजे 'जुगराफिया', इतिहास म्हणजे 'तारीख', भागाकार म्हणजे 'तकसीम' आणि हायस्कूल म्हणजे 'फोकानिया'. ज्ञानेश्वरी मात्र ते रोज वाचीत. मराठवाड्यातल्या त्या पिढीच्या कितीतरी घरांत हेच चित्र होते. देवघरात एक भाषा, कचेरीत दुसरी आणि बाजारात तिसरी. तिन्ही भाषा येत, पण शाळेत शिकलेली भाषा घरची नसे आणि घरची भाषा शाळेत चालत नसे.

हैदराबाद संस्थानाची रचनाच तशी होती. प्रजेतले जवळजवळ निम्मे लोक तेलुगू बोलणारे, सुमारे पाव मराठी आणि साधारण एक दशांश कानडी. उर्दू ही मातृभाषा असणारेही दहातले एखादेच. पण राज्यकारभार उर्दूत आणि वरचे शिक्षणही उर्दूत. 1918 मध्ये उस्मानिया विद्यापीठ स्थापन झाले. इंग्रजी हा विषय सक्तीचा ठेवून बाकीचे सारे शिक्षण उर्दूतून देण्याचे त्याने ठरविले. त्यासाठी भाषांतराचे स्वतंत्र खाते काढले; शास्त्र, वैद्यक, कायदा यांवरचे ग्रंथ उर्दूत आणले. उच्च शिक्षण परक्या इंग्रजीतून नको, देशी भाषेतून हवे, हे तत्त्व एका विद्यापीठाने पाळून दाखविले. याचे श्रेय नाकारणे अप्रामाणिकपणाचे होईल. 1916 साली महर्षी कर्व्यांनी महिला विद्यापीठ काढले, त्यामागेही देशी भाषेतून शिकविण्याचाच आग्रह होता.

तत्त्व बरोबर होते. ते एकाच भाषेपुरते होते, एवढीच गोम. दहांतल्या एकाला जो न्याय मिळाला, तो उरलेल्या नवांना मिळाला नाही. उर्दूचा यात काही दोष नव्हता. वडिलांना उर्दू शेरांची जी गोडी लागली, ती त्यांना आयुष्यभर पुरली. दोष होता तो इतरांसाठी दार लावून घेण्याचा.

या बंद दाराला मराठी माणसांनी जे उत्तर दिले, ते शाळेचे. 1907 मध्ये हैदराबादेत विवेकवर्धिनी पाठशाळा निघाली. केशवराव कोरटकर, वामनराव नाईक अशा मंडळींनी तिच्यासाठी आपली पत आणि पैसा खर्च केला. त्याच साली गुलबर्ग्यास नूतन विद्यालय उभे राहिले. 1921 मध्ये हिप्परग्याची राष्ट्रीय शाळा निघाली. पुढे तिथे आणि नंतर अंबाजोगाईच्या योगेश्वरी विद्यालयात स्वामी रामानंद तीर्थांनी अध्यापन केले. स्वामीजी मूळचे कानडी घरातले, हे सीमाभागातल्या आपल्यासारख्यांनी विसरू नये. मराठी मुलांना घडविणारा हा गुरू मराठी आईच्या पोटी जन्मलेला नव्हता. खासगी शाळा काढायला सरकारी परवानगी लागे, वर्गात काय शिकवता यावर नजर असे. तरीही शाळा टिकल्या. 1938 साली उस्मानियाच्या वसतिगृहांतल्या विद्यार्थ्यांनी 'वंदे मातरम्' म्हणण्याचा हट्ट धरला, त्यापायी त्यांना काढून टाकण्यात आले आणि नागपूर विद्यापीठाने त्यांना आपल्याकडे घेतले. ही मुले आकाशातून पडली नव्हती. त्यांच्यामागे तीस वर्षांच्या लहान लहान शाळा आणि वाचनालये होती.

इथपर्यंतची हकिकत आपण अभिमानाने सांगतो आणि सांगावीच. पण याच विवेकवर्धिनीच्या सभागृहात घडलेली एक गोष्ट मराठी घरांत फारशी सांगितली जात नाही. तेलुगू घरांत मात्र ती शाळकरी मुलांनाही ठाऊक असते.

नोव्हेंबर 1921. विवेकवर्धिनीच्या नाट्यगृहात समाजसुधारणा परिषद भरली होती. अध्यक्षस्थानी होते महर्षी धोंडो केशव कर्वे. भाषणे इंग्रजीत झाली, उर्दूत झाली, मराठीत झाली. श्रोत्यांनी ती शांतपणे ऐकून घेतली. मग आलमपल्ली वेंकटरामाराव नावाचे वकील बोलायला उभे राहिले आणि त्यांनी तेलुगूत सुरुवात केली. सभागृहात गोंगाट सुरू झाला. टाळ्या, आरडाओरडा, हेटाळणी. वकीलसाहेबांना भाषण पुरे करता आले नाही. श्रोत्यांत बहुसंख्य कोण होते, ते सांगायला नको.

त्या रात्री दहाबारा तेलुगू मंडळी टेकुमल्ल रंगाराव यांच्या घरी जमली आणि तिथे 'आंध्र जनसंघम'ची स्थापना झाली. त्यातूनच पुढे 1930 साली जोगीपेठेत आंध्र महासभेचे पहिले अधिवेशन भरले आणि तेलंगणाच्या जागृतीचा मोठा अध्याय सुरू झाला. आपली महाराष्ट्र परिषद परतूरला भरली ती 1937 मध्ये, म्हणजे सात वर्षांनी. ज्यांची आपण त्या दिवशी टर उडविली, ते आपल्या आधी संघटित झाले.

मला या प्रसंगात सर्वांत जास्त काय टोचत असेल, तर ती जागा. ज्या लोकांनी आपली भाषा शाळेत शिकवली जावी म्हणून ही वास्तू उभी केली, त्यांच्याच वास्तूत दुसऱ्याच्या भाषेला बोलू दिले गेले नाही. आणि व्यासपीठावर बसलेला पुरुष कोण, तर देशी भाषेतून बायकांना विद्या मिळावी म्हणून आयुष्य झिजविणारा. शाळा माणसाला शहाणे करते, असे आपण म्हणतो. ती स्वतःच्या हक्काबद्दल शहाणे करते हे खरे. दुसऱ्याच्या हक्काबद्दलचे शहाणपण मात्र आपोआप येत नाही, ते वेगळे शिकवावे लागते.

या गोष्टीला एक उत्तरार्ध आहे आणि तो मला तितकाच मोलाचा वाटतो. 1928 मध्ये माडपाटी हनुमंतराव यांच्या पुढाकाराने हैदराबादेत नारायणगुड्याला तेलुगू मुलींची शाळा निघाली. शिकवायचे तेलुगूतून, हा निर्धार. पण उस्मानिया तेलुगू माध्यम मान्य करीना. मग या तेलुगू मुलींच्या शिक्षणाला मान्यता मिळाली ती कुठून? पुण्याहून, कर्व्यांच्या महिला विद्यापीठाकडून. 1921 च्या सभागृहात जे झाले, त्याची भरपाई अशी एका शब्दाचा गाजावाजा न होता झाली. विवेकवर्धिनीतल्या गोंगाटाइतकीच ही गोष्टही आपली आहे. दोन्ही सांगितल्या पाहिजेत.

आमच्या देगलूर-बिलोलीच्या पट्ट्यात हा इतिहास पुस्तकात राहत नाही, वर्गात येऊन बसतो. मी नोकरीला लागलो तेव्हा पहिलीच्या वर्गात तेलुगू घरांतली पाचसात मुले असत. ती बोलत नसत. पाटीवर बोट फिरवीत, मान खाली घालून बसत. तपासणीला आलेल्या एका साहेबांनी त्यांच्यासाठी शेऱ्यात 'मंद' असा शब्द लिहिला. आता यातल्या एका मुलाच्या आईचे बाजारात दुकान. हा पोरगा संध्याकाळी गल्ल्यावर बसून सुटे पैसे चोख मोजून देई! मंद कसला? मी फळ्यावर बेडकाचे चित्र काढले आणि त्याच्याकडे पाहिले. तो म्हणाला, "कप्प." मी देवनागरीत 'कप्प' लिहिले आणि शेजारी 'बेडूक'. मग 'नीळ्ळु' आणि 'पाणी', 'इल्लु' आणि 'घर'. एक, दोन, तीनच्या शेजारी ओकटी, रेंडु, मूडु. पंधरा दिवसांत त्या पोराचे तोंड असे सुटले, की गप्प बसवायला लागे. आणि मराठी मुलांनाही 'कप्प' येऊ लागले, हा नफा वेगळाच. शिक्षणशास्त्रात याला काही मोठे नाव असेल. माझ्या लेखी ते भाषणाला उभ्या राहिलेल्या माणसाला बोलू देणे होते.

1948 च्या सप्टेंबरात निजामी गेली. उस्मानियातली उर्दूही थोड्याच अवधीत गेली. पण तिच्या जागी तेलुगू, मराठी किंवा कानडी आली नाही, इंग्रजी आली. 1 नोव्हेंबर 1956 ला संस्थानाचे तीन तुकडे तीन राज्यांत गेले आणि ज्याच्या त्याच्या भाषेला घर मिळाले. मात्र प्रत्येक घराच्या उंबऱ्याशी दुसऱ्या भाषेची माणसे राहिलीच. तेलंगणाने 2018 मध्ये शाळांत तेलुगू सक्तीची करणारा कायदा केला. महाराष्ट्राने 2020 मध्ये मराठीसाठी तसाच कायदा केला. माझी नात हैदराबादेत शिकते. माध्यम इंग्रजी; पण कायद्यामुळे तेलुगू शिकते आणि बसच्या पाट्या मला वाचून दाखविते. मराठी तिला घरी शिकवावी लागते, कारण हैदराबादेत मराठी माध्यमात मुले घालणारी घरे आता थोडीच उरली. आमच्या तालुक्यातल्या तेलुगू घरांची मुले तशीच मराठी शिकतात. यात माझी तक्रार नाही. ज्या मातीत राहायचे, तिची भाषा यायलाच हवी.

पण कायदा फक्त बहुसंख्यांची भाषा शिकवू शकतो. थोड्यांची भाषा ऐकून घेण्याचा कायदा कुठल्याच विधिमंडळाला करता येत नाही. ते काम शाळेतल्या मास्तराचे, सभेतल्या श्रोत्यांचे आणि शेजाऱ्यांचे. निजामाच्या राज्यात आपण थोडे होतो, तेव्हा आपल्याला हे चांगले कळत होते. आता नांदेडात आपण जास्त आहोत आणि हैदराबादेत थोडे. आपली नातवंडे तिकडे वर्गात मराठीत काही बोलली तर कुणी हसू नये, असे ज्याला वाटते, त्याने आधी आपल्या गावच्या शाळेत जाऊन पाहावे, की तिथे मागच्या रांगेत मान खाली घालून कोण बसले आहे.