दहावा होईपर्यंत लग्नाचा विषय

मंडळी, आपल्याकडे मयताला मुंबईहून पोरगा आला की दोन दिवस सगळे गप्प असतात. तिसऱ्या दिवशी पडवीत विषय निघतोच. "तिशी झाली ना रे? आता तुझं उरकून टाकूया." सुतक चालू असतं, पण स्थळं सुरू होतात.

रोहन परशुराम कानवडे यांचे वडील २०१६ मध्ये गेले, तेव्हा गावी त्यांनी हेच अनुभवलं. मुंबईच्या झोपडपट्टीत वाढलेला, ड्रायव्हरचा मुलगा. आपण समलैंगिक आहोत हे त्याने आईवडिलांना सांगितलेलं, त्यांनी स्वीकारलेलं. नातेवाइकांना मात्र काय सांगणार? त्या दिवसांतून 'साबर बोंडं' हा सिनेमा आला. जानेवारी २०२५ मध्ये अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात त्याला परदेशी कथापटांच्या विभागातलं सर्वोच्च पारितोषिक मिळालं. मराठी सिनेमा तिथे पोचला तोच पहिल्यांदा!

बातमी आली तेव्हा आमच्या एका ओळखीच्या डेस्कवर मथळ्यावरून चर्चा झाली. शेवटी 'दोन मित्रांची हृद्य कहाणी' असं ठरलं. म्हणजे पारितोषिक आपलं, गोष्ट मात्र नको.

सप्टेंबरमध्ये पुण्याला कामासाठी गेलो होतो, तिथे बघितला. पार्श्वसंगीत नाही. कॅमेरा जागचा हलत नाही, माणसं बसलेली, उठलेली. पहिली दहा मिनिटं मला जरा जड गेली, खोटं कशाला बोलू. पण जयश्री जगताप यांनी केलेली आई बघा. शिकलेली नाही, भाषण देत नाही. पोराचा एका मुलीवर जीव होता, तिचं लग्न दुसरीकडे झालं, असं नातेवाइकांना ठोकून देते आणि पोराला त्यांच्या तावडीतून सोडवते. कोकणातल्या कितीतरी आया असंच काहीतरी सांगून वेळ मारून नेत असतील. साबर बोंड म्हणजे निवडुंगाचं लाल फळ, बाहेरून काटे. गावातला मित्र ते त्याच्यासाठी आणतो, तिथे थेटरात कुणी हललं नाही.

कलम ३७७ चा निकाल २०१८ चा. आपल्या तालुक्यांतली मुलं अजून मुंबईत एक आणि गणपतीला गावी दुसरी, अशी दोन आयुष्यं काढतायत.

परवानगी मिळाली तर रत्नागिरीत एक खेळ लावायचा विचार आहे. हॉलभाडं वर्गणीतून काढू. कमेंटमध्ये नाव नको असेल तर इनबॉक्समध्ये फक्त 'येतो' किंवा 'येते' लिहा. मी पुढे काही विचारणार नाही.