दोरीबाहेरचा पैलवान

टॅग टीम कुस्तीत चार पैलवान हजर असतात आणि नियमाने दोघेच लढतात. उरलेले दोघे आपापल्या कोपऱ्यात, दोरांच्या बाहेर, रिंगच्या कडेला असलेल्या अरुंद पट्टीवर उभे राहतात. कोपऱ्याच्या खांबाशी एक आखूड दोरी बांधलेली असते. ती मुठीत धरून दुसरा हात जिथवर पोचेल, तिथवरच आतल्या जोडीदाराची टाळी घेता येते. टाळी झाली की बाहेरचा आत जातो आणि आतला बाहेर येतो. या अदलाबदलीसाठी पंच पाच आकडे मोजेपर्यंत दोघांना एकत्र राहू देतो. टाळीवाचून आत पाऊल टाकले, तर पंच परत पाठवतो.

खो-खो खेळलेल्या माणसाला हा नियम लगेच उमगतो. खो मिळाल्याशिवाय उठायचे नाही, तसेच हे. पण खो-खोतला खो जितका झटपट तितका चांगला, आणि टॅग टीमची टाळी जितकी लांबेल तितकी तिची किंमत वाढते. ती किती लांबवायची आणि कोणत्या क्षणी द्यायची, हे ज्यांना कळते त्यांच्याच जोडीचे नाव राहते.

मराठी तालमीच्या भाषेत ‘जोड’ म्हणजे प्रतिस्पर्धी. मैदानात वस्ताद वजन, वय आणि तयारी बघून जोड लावतात. ‘जोडी’ या शब्दाला तिथे जागा नाही, कारण लाल मातीत उतरलेला पैलवान एकटाच असतो. खाशाबा जाधवांनी १९५२ साली हेलसिंकीला कांस्यपदक मिळवले तेही एकट्याच्या अंगबळावर. टॅग टीमच्या पैलवानाला मात्र जोड आणि जोडी दोन्ही सांभाळावी लागतात. व्यावसायिक कुस्तीचा निकाल आधी ठरलेला असल्यामुळे समोरच्या जोडाचे अंगही त्याला जपावे लागते. तो एका वेळी तीन माणसांच्या हाडांची काळजी घेत असतो.

निकाल ठरलेला असतो, हे स्पष्ट म्हटलेले बरे. महाराष्ट्रात अशा लढतीला ‘नुरा कुस्ती’ म्हणतात, आणि राजकारणाच्या बातम्यांनी हा शब्द शिवीसारखा करून टाकला आहे. तो इथे लागू करणे अन्यायाचे आहे. नुरा कुस्तीत खरी झुंज बघायला आलेल्या लोकांची फसवणूक होते. टॅग टीमच्या रिंगभोवती बसलेल्या मोठ्या माणसांना सगळे ठाऊक असते. तरीही ती घसा बसेपर्यंत ओरडतात, कारण त्यांना काय होणार यापेक्षा कसे होणार ते पाहायचे असते.

शेवट माहीत असूनही खेळ बघण्याचे हे नाते तंजावरच्या परिसरात चांगले समजते. तंजावरपासून थोड्याच अंतरावर मेलट्टूर गाव आहे. तिथे नरसिंह जयंतीच्या उत्सवात भागवत मेळा होतो. तंजावरच्या नायक राजांनी आणि पुढे भोसले राजांनी या परंपरेला आश्रय दिला. वेंकटराम शास्त्रींनी तेलुगूत रचलेले ‘प्रह्लाद चरित्रम्’ तिथे रात्री उशिरा सुरू होऊन पहाटेपर्यंत चालते, आणि सगळी पात्रे पुरुषच करतात. नरसिंहाचा मुखवटा एरवी देवळात पूजेत असतो. तो चढवणारा नट उपास धरतो. खांबातून नरसिंह प्रकटला की त्या नटाच्या अंगात देवाचा संचार होतो अशी श्रद्धा आहे, म्हणून चारचौघे त्याला धरून ठेवतात. नाहीतर हिरण्यकशिपू झालेल्या नटाला खरीच इजा व्हायची. हिरण्यकशिपू मरणार हे प्रेक्षकांतल्या पोरांनाही माहीत असते. ते माहीत असल्याने कोणी उठून जात नाही. तंजावर जिल्ह्यातल्या काही गावांत तमिळ हिरण्य नाटक होते, त्यात तर एकेक भूमिका दोघे नट मिळून वठवतात. एक पात्र आणि दोन देह, ही कल्पना टॅग टीमच्या फार जवळची आहे.

कुस्तीच्या शब्दांचीही तमिळ मुलखात ओळख आहे. तमिळमध्ये ‘कुस्ती’ आणि ‘पयिल्वान’ रोजच्या वापरात आहेत, आणि एखाद्या वादात कोणी उतरला की तमिळ वर्तमानपत्रे तो ‘गोदात’, म्हणजे आखाड्यात, उतरल्याचे लिहितात. सातव्या शतकातला पल्लव राजा नरसिंहवर्मन स्वतःला मामल्ल, महान मल्ल, म्हणवून घेई, आणि मामल्लपुरम हे नाव त्यावरूनच आले.

टॅग टीमचा खेळ मात्र परदेशातून आला. त्याच्या जुन्या नोंदींपैकी एक अमेरिकेतल्या ह्यूस्टन शहरातली, १९३६ सालची आहे. तिथल्या पराभूत जोडीत टायगर दौला आणि फझल मोहम्मद अशी दोन नावे दिसतात, म्हणजे आपल्या उपखंडाचा संबंध जवळजवळ आरंभापासून आहे. पुढचा मोठा टप्पा टोकियोतला. नोव्हेंबर १९५५ मध्ये किंगकाँग आणि टायगर जोगिंदर सिंग या जोडीने जपानी मल्ल रिकिदोझान आणि त्याचा जोडीदार हॅरल्ड सकाटा यांना हरवून अखिल आशियाई टॅग टीम किताब पहिल्यांदा मिळवला. त्या किताबासाठी जपानमध्ये आजही लढती होतात. एक पंजाबी पैलवान आणि मध्य युरोपातून येऊन सिंगापुरात स्थिरावलेला एमिल चाया ऊर्फ किंगकाँग, अशी ही जोडी.

याच किंगकाँगला भारतात लोकांनी पाहिले ते दारासिंगसमोर. पन्नास-साठच्या दशकांत फ्रीस्टाइल कुस्त्यांच्या जाहिराती गावोगाव लागत, आणि मुंबईत वरळीच्या वल्लभभाई पटेल स्टेडियमवर त्यांना तुडुंब गर्दी होई. १९६८ साली दारासिंगने मुंबईत अमेरिकन पैलवान लू थेझला हरवले. त्याचा धाकटा भाऊ रंधावा हाही पैलवान होता. सख्खे भाऊ एका कोपऱ्यात उभे राहिले की जोडी जमवायचे निम्मे काम आपोआप होते, आणि जगभरच्या आयोजकांनी हे ओळखून नसलेली भावंडेही जन्माला घातली. परस्परांशी काडीचा संबंध नसलेले दोन पैलवान एक आडनाव लावून वर्षानुवर्षे भाऊ म्हणून फिरले.

लढतीची बांधणी ठरलेल्या वाटेने जाते. सुरुवातीला लोकांची लाडकी जोडी वरचढ असते आणि टाळ्या भराभर बदलतात. मग एका क्षणी समोरचे दोघे मिळून एकाला त्याच्या कोपऱ्यापासून तोडतात. आता रिंगचे दोन भाग होतात. अर्ध्या भागात मार आहे आणि पलीकडे सुटका. पाच मिनिटे, कधी दहा मिनिटे, तो एकटा मार खातो. पोटावर सरपटत येतो, बोटे बोटांपासून वीतभर राहतात, आणि मागून कोणीतरी घोटा धरून त्याला खेचतो. दुसऱ्या खेपेला टाळी होते, पण पंचाची पाठ वळलेली असते. त्याने पाहिली नाही म्हणून ती बाद ठरते आणि धावत आत आलेल्याला तो परत पाठवतो. या क्षणी लोक खरोखर चिडतात. तिसऱ्यांदा टाळी लागते तेव्हा आवाजाने छत हादरते. रिंगच्या भाषेत तिला ‘हॉट टॅग’ म्हणतात. मार खाण्याचे काम अमेरिकेतल्या रिकी मॉर्टनने इतके चोख केले की तिथले पैलवान त्या कामालाच त्याचे नाव देतात. त्याची आणि रॉबर्ट गिब्सनची जोडी १९८३ साली जमली.

मार खाणाऱ्याचे कौतुक होते ते योग्यच. पण बाहेर उभ्या असलेल्याचे काम त्याहून अवघड आहे, आणि ते फारच थोड्यांना नीट येते. त्याच्याकडे खेळायला काही नसते. तो पाय आपटतो, कोपऱ्याच्या गादीवर थापा मारतो, टाळ्यांचा ठेका लोकांकडून उचलून घेतो. पण आत जोडीदार वेदनेने चेहरा वर करत असताना त्याने एकही हालचाल जास्त केली, तर लोकांची नजर त्याच्याकडे वळते आणि मिनिटभराची मेहनत वाया जाते. तो थांबलेला दिसला पाहिजे आणि थांबणे जड जाते हेही दिसले पाहिजे. नवशिके इथे चुकतात. दोरीला रेलतात, गर्दीत ओळखीचा चेहरा शोधतात, श्वास घेऊन मोकळे होतात.

त्याचे डोळे मात्र दुसऱ्याही कामात असतात. आतला खरोखर दुखावला आहे की दाखवतो आहे, हे ओळखण्याची जबाबदारी त्याची. पकडीत असताना हात हलकेच दाबला की ‘ठीक आहे’ असा अर्थ होतो. उलट दाब आला नाही, तर लढतीचा उरलेला आराखडा तिथल्या तिथे बदलावा लागतो. पंच हा या चौघांचा निरोप्या असतो. किती मिनिटे उरली ते तो ओठ न हलवता सांगत फिरतो. त्याने डोक्यावर दोन्ही हातांची फुली केली, तर दुखापत खरी आहे असे समजून सगळे थांबतात.

मातीत पाठ लागली की कुस्ती संपते. इथे पाठ टेकण्यावरच पोट असते. म्हणून पहिला धडा पडण्याचा. हनुवटी छातीला टेकवायची, श्वास सोडायचा, आणि पाठीचा वरचा सपाट भाग व दोन्ही तळहात एकाच वेळी आदळायचे. तालमीतली माती तेल, ताक, हळद, लिंबू घालून कमावलेली असते. ती अंगाला सांभाळून घेते. रिंगच्या कापडाखाली पातळ फोमचा थर असतो, त्याखाली लाकडी फळ्या, त्याखाली लोखंड. त्या फळ्यांचा आवाज मोठा होतो म्हणून मार खोटा वाटतो. मणक्याला फळी खोटी नसते. टॅग टीममध्ये दोघे मिळून एकाला उचलतात, तेव्हा पडणाऱ्याचा जीव चार हातांत असतो आणि चारही हातांनी एकाच क्षणी सोडावे लागते. एक हात अर्धा क्षण मागे राहिला तर मान वाकडी पडते.

अशा वेळी जोडी म्हणजे काय, हे ‘ब्रिटिश बुलडॉग्ज’ या जोडीच्या हकिगतीत दिसते. डायनामाइट किड आणि डेव्ही बॉय स्मिथ हे एकमेकांचे नात्यातले भाऊ. एप्रिल १९८६ मध्ये त्यांनी त्या काळच्या डब्ल्यूडब्ल्यूएफ (आजची डब्ल्यूडब्ल्यूई) या कंपनीचा टॅग टीम किताब घेतला. त्याच वर्षी डिसेंबरात कॅनडातल्या हॅमिल्टन शहरात डायनामाइटच्या पाठीला जबर दुखापत झाली. किताबाचा पट्टा दुसऱ्या जोडीकडे द्यायचा तर हरायला दोघे हवेत. म्हणून जानेवारी १९८७ मध्ये तो रिंगपर्यंत आला, चालता येत नसल्याने डेव्ही बॉयच्या आधाराने आला. लढत पेटण्याआधीच त्याला कर्ण्याने पाडल्याचे दाखवले गेले, आणि तो रिंगबाहेर पडून राहिला. आतली सगळी लढत डेव्ही बॉयने एकट्याने ओढून नेली. टाळी घ्यायला कोपऱ्यात कोणी नव्हते. डायनामाइट त्यानंतरही काही वर्षे खेळला, नव्वदच्या दशकात त्याचा डावा पाय निकामी झाला, आणि २०१८ साली साठाव्या वाढदिवशी तो वारला. जानेवारी १९८७ च्या त्या रात्री त्याला रिंगपर्यंत आणायला नको होते. दुसऱ्याचा मणका मोडला की पहिल्याचेही काम थांबते, अशा पेशात निदान उपचाराचा खर्च तरी कंपनीने उचलायला हवा. पण अमेरिकेत पैलवान नोकर नसून स्वतंत्र कंत्राटदार धरला जातो, त्यामुळे विमा, प्रवास, हॉटेल यांचा बराचसा भार त्याच्याच खांद्यावर राहतो.

त्या प्रवासात जोडीदार घरच्यांपेक्षा जास्त सोबत असतो. एका गाडीत, एका खोलीत, एकाच्या घोरण्याची दुसऱ्याला सवय होते. दोघांतला एक मोठा होणार असे वरच्यांना वाटले की जोडी फोडली जाते, आणि ते फोडणेही लढतीचाच भाग बनवले जाते. जानेवारी १९९२ मध्ये दाखवलेल्या प्रसंगात शॉन मायकेल्सने आपला जोडीदार मार्टी जनेटीला काचेच्या खिडकीतून फेकले. पुढे मायकेल्स सर्वोच्च किताबापर्यंत गेला. जनेटीचे नाव निघते ते बहुधा त्या काचेपाशीच.

अलीकडची भारतीय जोडी ‘इंडस शेर’. उत्तर प्रदेशातला भालाफेकपटू रिंकू सिंग २००८ मध्ये ‘मिलियन डॉलर आर्म’ ही स्पर्धा जिंकून अमेरिकेत बेसबॉल खेळायला गेला आणि नंतर कुस्तीकडे वळला. सौरव गुर्जरला लोक २०१३ च्या ‘महाभारत’ मालिकेतला भीम म्हणून ओळखत. मार्च २०२० मध्ये दोघे डब्ल्यूडब्ल्यूईच्या एनएक्सटी या कार्यक्रमात एकत्र आले, आणि लगेच करोनाच्या साथीने सगळे बंद पाडले. मधली वर्षे वेगवेगळी गेली. २०२२ च्या अखेरीस जोडी पुन्हा जमली, आणि ८ सप्टेंबर २०२३ ला हैदराबादच्या गचिबोवलीत ते घरच्या लोकांसमोर केव्हिन ओवेन्स आणि सॅमी झेन या मुरलेल्या जोडीविरुद्ध उतरले. ते हरले. त्या रात्रीची शेवटची लढतही जॉन सीना आणि सेथ रॉलिन्स या जोडीची, म्हणजे टॅग टीमचीच होती. एप्रिल २०२४ मध्ये कंपनीने दोघांनाही एकाच वेळी करारातून मोकळे केले.